धाकट्या महालक्ष्मीचं तोंड

"मेली ही भुवई सरळ बसायलीच न्हाई! थोरलीची कशी गुमान बसली."

विमलाअक्का मुखवट्यावर वाकून पुटपुटत होत्या. अक्का म्हणजे माझी थोरली जाऊ. महालक्ष्म्यांच्या मुखवट्यांचा रंग उडालेला आणि झरी गावातला रंगवणारा गणपतींत गुंतलेला, म्हणून अक्काच ब्रश घेऊन बसल्या. रांगोळीपलीकडं त्यांनी कधी काही काढलं नव्हतं. मी शेजारी वाती वळत होते.

"झालं बाई. बघ गं."

बघितलं आणि हातातली वात गळून पडली. एक भुवई जराशी वर, ओठ दाबलेले. गॅसवर दूध ठेवून मोबाइलात बुडालेली पोर ऐन उतू जायच्या वेळी दचकून बघते, तसं तोंड. आमच्या घरात असं बघणारी एकच होती, अक्कांची लेक. तिनं मनानं लग्न केलं तेव्हा तिचे वडील, म्हणजे आमचे भाऊजी गोविंदराव, म्हणाले, "ती मेली समजा." तेव्हापासून घरात तिचं नाव कुणी घेतलेलं नाही. भिंतीवरचे फोटो गेले, खिळे तेवढे राहिले.

"अक्का, हे काय केलंत?"

अक्कांनी मुखवटा उजेडात धरला आणि त्यांचाच चेहरा पांढराफटक पडला.

"मी देवीच काढायले होते गं! पहाटं सपनात येती ती. माझ्याकडं पाठ करून भांडी घासती. तोंड म्हणून कधी दाखवलं न्हाई…"

"पुसा ते. भाऊजी दारातच फोडतील."

"डोळे लिहिलेला मुखवटा पुसत न्हाईत. मला काय हौस हाय व्हय?"

दुसऱ्या दिवशी थोरलीला घेऊन मी हळदीकुंकवाच्या पावलांवरून आत आले. मागून धाकटीला घेऊन अक्का. आमच्यात उंबऱ्यावर घरधनी विचारतो आणि उत्तर मिळाल्याशिवाय लक्ष्मी आत येत नाही.

"कोण आलं?" भाऊजींनी सवयीनं विचारलं आणि मग वर बघितलं.

त्यांच्या हातातली घंटा अर्ध्यातच थांबली. ताट वाजवणारीचा चमचा हवेत राहिला. बाया आपापल्या पायांची बोटं बघू लागल्या. एकजण म्हणाली, "लय गोड रंगवलंय की," आणि तिनं स्वतःच तोंडाला पदर लावला. आता हा माणूस काय करतो कुणास ठाऊक! अक्कांनी मुखवटा छातीशी घट्ट धरला होता. तो फुटला असता तर पोर दुसऱ्यांदा गेली असती.

"महालक्ष्मी आली," अक्का कशाबशा म्हणाल्या.

'कशाच्या पावलांनी?' हा रीतीचा पुढचा प्रश्न आलाच नाही. भाऊजी जवळ आले. त्या वर गेलेल्या भुवईकडं त्यांनी बोट नेलं आणि चटका बसावा तसं मागं घेतलं.

"खोटं नको बोलू, विमल," ते म्हणाले. "सृष्टी आली."