छातीतला पंजा

सातवी काठी बसली तेव्हा बरगडी मोडल्याचा आवाज मागच्या रांगेपर्यंत ऐकू आला आणि लोकांनी टाळ्या वाजवल्या.

बाकावर पालथा पडलेला माणूस गोदामात पोती उचलणारा होता. चांगला आडदांड गडी, पण त्याच्याच मुलाने त्याचे दोन्ही हात बाकाखाली आवळून धरले होते. "सोडू नकोस," बुवा त्या मुलाला सांगत होता, "तुझा बाप ओरडत नाहीये, आतला ओरडतोय." अकरा काठ्या पुऱ्या झाल्यावर बापाला एक्सरेच्या खोलीत नेलं, मशीनपुढे उभं केलं, म्हणजे दोघांनी काखेत धरून टांगलं म्हणा, आणि दुसरा फोटो काढला. अंगणातल्या मोठ्या टीव्हीवर आधी माराअगोदर काढलेला पहिला फोटो झळकला. छातीच्या पिंजऱ्यात, हृदयाच्या शेजारी, पाच बोटांचा पांढराफटक पंजा. मग दुसरा फोटो आला, आणि पंजा गायब. अंगणात नुसता कल्ला. लोक रडले, एकमेकांच्या गळ्यात पडले, बुवाच्या पायांवर लोळले. त्याच दुसऱ्या फोटोत डावीकडच्या दोन बरगड्या तुटून एकमेकींवर चढल्या होत्या. तिकडे कोणी ढुंकून पाहिलं नाही.

तिसऱ्या दिवशी तो माणूस मेला.

मी हे सगळं पाहिलं, कारण माझ्या दादाने मला मुद्दाम तिथे नेलं होतं, माझी खात्री पटावी म्हणून. मी कॉम्प्युटर दुरुस्त करते. दवाखान्यांतले, छापखान्यांतले, जिथे बोलावतील तिथले. त्यामुळे दादाला वाटलं, मशीनचा चमत्कार मला चटकन पटेल. माझी वहिनी, म्हणजे दादाची बायको, दोन महिने खोकत होती. संध्याकाळी ताप, जेवणावर वासना नाही, ब्लाऊज खांद्यावरून घसरायला लागलेले. मी डॉक्टरकडे न्या म्हणून कानीकपाळी ओरडत होते, आणि दादाने ठरवून टाकलं होतं की तिच्याही छातीत पंजा आहे.

त्या बुवाला लोक महाराज म्हणायचे, मी एक्सरेबुवा म्हणायचे. बोलणं असं की ऐकत राहावं. म्हणे, हा पंजा मागच्या जन्मीच्या वैऱ्याचा, औषधाने मरत नाही, उलट औषध पिऊन लठ्ठ होतो. मार बसला की बोटं सैल होतात. आणि शेवटी हुकमी वाक्य: "मी काही बोलत नाही बाबांनो, मशीन बोलतंय. परदेशी मशीन आहे, त्याला माझ्याकडून काय मिळणार?" इथे माना डोलायच्या.

गोदामातला माणूस गेल्यावर मी दादाच्या घरी जाऊन भांडले. तो म्हणाला, त्याला उशिरा आणला होता, म्हणूनच वहिनीला लवकर न्यायचं. माझं डोकं सणकलं. मी त्याला नाही नाही ते बोलले, त्याने मला घराबाहेर काढलं. दाराच्या फटीतून वहिनी बघत होती. खरं सांगायचं तर त्या दिवशी तिला आम्ही दोघांनीही काही विचारलं नाही.

सोमवारी सकाळी मला फोन आला. बुवाच्या एक्सरे सेंटरचा ऑपरेटर. कॉम्प्युटर चालू होतो पण एक्सरेचा प्रोग्राम उघडत नाही, रांग लागलीय, ताबडतोब या. मी म्हटलं, बरंच झालं, मला यायचंच होतं.

तीन खोल्या आणि मागे अंगण. पुढे बसायची खोली, मध्ये जाड शिशाच्या दाराची मशीनची खोली, शेजारी काचेच्या खिडकीआड कॉम्प्युटर. पडद्यावर चौकट आली होती: दोन लायब्ररी फाईली सापडत नाहीत. व्हायरस पकडणाऱ्या प्रोग्रामने रात्रीतून त्या उचलून कोपऱ्यात टाकल्या होत्या. ऑपरेटरने खिशातून पेनड्राइव्ह काढला आणि म्हणाला, "यातल्या दोन टाकायच्या, बाकी कशाला हात लावायचा नाही." त्याला स्वतःला ते जमत नव्हतं, एवढंच. काम करून देणारा त्याचा मेहुणा नोकरीसाठी लांब निघून गेला होता.

लायब्ररी फाईल म्हणजे काय ते सांगते, अवघड नाही. गल्लीतली सगळी घरं एकाच गिरणीतून पीठ आणतात ना, तसं. प्रत्येक प्रोग्राम स्वतःचं दळत बसत नाही. चित्र उजळ करायचं, मोठं करायचं, तर एका फाईलकडे जायचं. दुसऱ्या कॉम्प्युटरशी किंवा फोनशी बोलायचं, तर दुसरीकडे. आता गिरणीवाल्यानेच पिठात खडे मिसळले, तर घरातल्या बाईने कितीही चांगलं मळलं तरी खडे लागणारच.

मला हे माहीत होतं. तरी मी त्या फाईली टाकल्या. व्हायरस पकडणारा प्रोग्राम बोंबलत होता, त्याला गप्प केलं. रोजच्या सवयीने हात चालले, डोकं नंतर चाललं. प्रोग्राम उघडला, ऑपरेटरने लगेच पहिल्या नंबराला हाक मारली. काचेतून पाहते तर मशीनपुढे माझी वहिनी. दादा पहाटेच येऊन रांगेत बसला होता.

फोटो आला. छातीत पंजा.

बाहेर गलका उठला आणि वहिनीला ओढत अंगणात नेलं. ऑपरेटरही मागोमाग गेला, मजा बघायला. मी पेनड्राइव्ह उघडला. आत आणखी एक कप्पा होता, नाव 'जुनं', आणि त्यात त्याच नावाच्या दोन फाईली. नावं तीच, पण चित्राची नवी फाईल जुन्यापेक्षा तिप्पट जाड. एवढं काय खाल्लं होतं तिने? आणि पडद्याच्या कोपऱ्यात एक चौकट उघडली होती, नेटवर्कची फाईल एका फोनशी बोलतेय म्हणून सांगणारी. फोनचं नाव होतं 'बुवांचा नवा फोन'. वा रे चमत्कार. फोनवरून खूण आली की पंजा दाखवणं बंद, एवढाच त्याचा मंत्र.

मी नेटवर्कची वायर उपटली. टीव्हीची वायर वेगळी होती, ती राहू दिली. म्हटलं, आता खूण येणार नाही, पंजा हटणार नाही, आणि बुवाचं पितळ सगळ्यांपुढे उघडं पडेल. स्वतःच्या हुशारीवर खूश झाले मी. काठीचे आवाज भिंतीतून येत होते. बाहेर धावायचं तर त्या वेळीच धावायला हवं होतं. मी मात्र पुरावा जमवत बसले.

अकरा झाल्या. वहिनीला आणलं. तोंडातून लाळेबरोबर रक्त येत होतं, पाय फरशीवरून घासत होते. दुसरा फोटो काढला. पंजा जिथल्या तिथे.

कॉम्प्युटरच्या खोलीला अंगणाकडेही खिडकी होती, तिच्या फटीतून मी पाहत होते. बुवाने उपरण्याआड फोन दाबून पाहिला, पुन्हा दाबला. आणि मग मी जे कधीच धरून चालले नव्हते ते झालं. कोणीही त्याला खोटारडा म्हटलं नाही. गर्दीतूनच कोणीतरी ओरडलं, "चिवट आहे, अजून मारा." बुवाला तेवढंच हवं होतं. त्याने सांगितलं, असला पंजा शंभरात एक, याला दुप्पट मार लागतो. दादाने वहिनीचे हात पुन्हा धरले. माझा दादा. लहानपणी मला काटा टोचला तर रडणारा.

मी धावले. बुवाचा हात धरला, किंचाळून सांगितलं की सगळी कॉम्प्युटरची करामत आहे. बुवा शांतपणे म्हणाला, "बघा, हिच्यातही शिरलाय." कोणीतरी माझे केस धरून मागे ओढलं, एक गुद्दा कानाखाली बसला, एक पोटात. "हिलाही बाकावर घ्या," असं ऐकू आलं. मी धरणाऱ्याच्या हाताला चावले, सुटले, आत पळाले आणि शिशाचं दार आतून लावून घेतलं. बाहेरून लाथा बसायला लागल्या. वहिनीवर पडणाऱ्या काठ्याही ऐकू येत होत्या. एक. दोन.

फरशी पुसायची बादली कोपऱ्यात होती, अर्धी भरलेली. मी ती स्टुलावर ठेवून मशीनपुढे सरकवली, छाती टेकवतात तिथे. आतल्या दाराने कॉम्प्युटरच्या खोलीत गेले, ते दार लावलं आणि बटण दाबलं.

टीव्हीवर बादली आली. कडी दिसत होती, पाण्याची रेघ दिसत होती, आणि पाण्यात पाच बोटांचा पांढरा पंजा.

काठी थांबली. अंगणाकडची खिडकी सताड उघडून मी ओरडले, "मारा ना आता बादलीला. हिलाही मागच्या जन्मीचा वैरी आहे." मग 'जुनं' कप्प्यातल्या फाईली जागेवर टाकल्या आणि तोच फोटो पुन्हा उघडला. नुसती बादली. नवी फाईल टाकली, पंजा आला. जुनी टाकली, गेला. पाच वेळा केलं. फोटो पहिल्यापासून स्वच्छच होता, पंजा पडद्यावर दाखवताना चिकटवला जात होता. शेवटी जुन्या फाईलवर वहिनीचे दोन्ही फोटो उघडले. पंजा कुठेच नव्हता. पहिल्यात उजव्या फुप्फुसाच्या टोकाला एक पांढुरका डाग होता, कुठल्याही डॉक्टरने क्षयाची तपासणी करायला पाठवावं असा. दुसऱ्यात तो डाग होताच, आणि शिवाय तीन बरगड्या मोडलेल्या. त्या मात्र खऱ्या होत्या.

पंजा ऑपरेटरचाच निघाला. रिकाम्या दुपारी स्वतःचा हात मशीनवर ठेवून काढलेला फोटो. हे तो बोलला तेव्हा त्याचे दोन दात पडलेले होते. कारण टाळ्या वाजवणारे तेच लोक आता त्याच्यावर आणि बुवावर तुटून पडले होते. खोटं कशाला बोलू, पहिल्या चार लाथा बघून मला बरं वाटलं. मग दिसलं की बुवाची काठी दादाच्या हातात आहे, बुवा त्याच बाकावर पालथा आहे आणि त्याचे हात कोणीतरी आवळून धरलेत. टाळ्या पुन्हा चालू झाल्या होत्या. तीच तोंडं. मी दादाच्या पुढ्यात उभी राहिले आणि म्हणाले, "दादा, आज तुझ्या हातांनी पुष्कळ झालं. ते टाक आणि वहिनीला उचल."

त्याने काठी टाकली. वहिनीला दवाखान्यात पोचवून आम्ही तक्रार द्यायला पोलीस ठाण्यात गेलो, तेव्हा मला कळलं, धरणारा घरचाच का लागायचा. आपल्याच बायकोला, बापाला धरून मारू देणारा माणूस तक्रार कशी करणार? आधी त्याचंच नाव लिहावं लागेल. एवढ्या दिवसांत एकही तक्रार नव्हती ती त्यामुळे. दादाने पहिलं वाक्य लिहून दिलं: मी धरलं होतं. दुसऱ्या दिवशी गोदामातल्या माणसाचा मुलगा आला. त्यानेही तेच लिहून दिलं आणि भिंतीला डोकं टेकून बराच वेळ रडला.

तपासणीत क्षयच निघाला, वहिनीचं औषध चालू आहे. सहा महिन्यांचं आहे, आणि क्षय त्याने बरा होतो. दादा तिच्या कॉटशी बसून माफी मागायचा, ती छताकडे बघायची. तीन आठवड्यांनी ती बोलली. मोठ्याने बोलायला फासळ्या दुखत होत्या, म्हणून हळू बोलली.

"दोन महिने मी तुमच्या शेजारी खोकत होते. तुम्ही बुवाला विचारलंत, मशीनला विचारलंत, रांगेतल्या लोकांना विचारलंत. मला एकदा तरी विचारलंत का, की तुला काय होतंय?"

मीही तिला विचारलं नव्हतं. मी तिच्या वतीने भांडत होते, एवढंच.

म्हणून हे लिहिलं. पडद्यावर दिसलं म्हणून ते खरं होत नाही. पडद्यामागे माणसाने लिहिलेली फाईल असते, आणि माणूस लबाड असू शकतो. कोणी चमत्कार दाखवला तर तो उलटसुलट तपासा, रिकाम्यावर करून बघा, तिथेही तोच दिसला तर कारण विचारा. आणि कोणी तुमच्या हातात तुमच्याच माणसाचे हात देऊन घट्ट धर म्हणाला, तर हात सोडा. आधी त्या माणसाला विचारा, तुला काय होतंय. मग डॉक्टरकडे न्या.