सुराचं कुलूप

पेटी चांगली जड होती, तरी जावई दोन पावलं पुढेच चालत होता. तो नोकरीला होता त्या कंपनीच्या दारातून आत शिरताना कुणी पाहिलंच, तर वाटावं की म्हातारा वेगळा आणि आपण वेगळे. पेटीला दोन्ही बाजूंना कड्या होत्या, म्हणजे ती दोघांनी उचलायची होती. सासरे ती पोटाशी धरून एकटेच आणत होते.

"जावईबापू, जरा दमानं," ते मागून म्हणाले. "सोन्याची नाही, पण हलली की रुसते."

दारावरच्या पहारेकऱ्याने विचारलं, "हे कोण?"

"पियानोवाले," जावई म्हणाला.

तसं ते खोटं नव्हतं. सासऱ्यांचा उभा जन्म लोकांचे पियानो सुरात लावण्यात गेला होता. हात थरथरू लागल्यावर ते घरी बसले आणि तिथे त्यांनी ही पेटी घडवली. तिच्यातून बोलणं सोडलं की त्याचा अर्थ लपतो, आणि तेच बोलणं पुन्हा तिच्यातूनच सोडलं की अर्थ परत येतो, असा त्यांचा सिद्धांत होता. जावयाच्या कंपनीत गुप्त निरोपांचंच काम चाले. बायको मागे लागली, "एकदा बाबांचं ऐकून घ्या म्हणावं तुमच्या बाईंना. नाही म्हणाल्या तर नाही." शेवटी त्याने नाइलाजाने बाईंकडे शब्द टाकला होता.

बैठकीच्या खोलीत त्या बाई, म्हणजे विभागाच्या मुख्य, आणि दोन इंजिनिअर बसले होते. सासऱ्यांनी पेटीचं झाकण उघडलं. आत काशाची एक लांब पट्टी, तिला पिळणारा स्क्रू आणि थोड्या तारा होत्या.

"आवाज आत गेला की ही पट्टी घुमते," ते म्हणाले. "जो स्वर हिच्या सुराच्या जितका वर, तो तितकाच खाली जातो. खालचा तितकाच वर येतो. सगळं बोलणं उलटंपालटं. तेच परत हिच्यातून सोडा, वरचं वर जातं, खालचं खाली. उलटा सदरा पुन्हा उलटला की सुलटा. कुलूप तेच, किल्लीही तीच."

"मग चोराची चैनच की," चष्मेवाला इंजिनिअर म्हणाला. "पेटी उचलली की काम झालं."

"पेटी उचलेल हो. सूर कसा उचलेल? तो मी रोज बदलतो. केसभर हलला तरी शब्द हाती लागत नाहीत."

बाईंनी माइकवर एक वाक्य म्हटलं. पेटीतून नुसता कलकलाट निघाला. तो रेकॉर्ड करून पुन्हा पेटीतून सोडला, तर दुसऱ्या तऱ्हेचा कलकलाट निघाला.

"बदकांचं भांडण मिटलं नाही अजून," चष्मेवाला म्हणाला. सगळे हसले. सासरेही हसले. जावयाला मेल्याहून मेल्यासारखं झालं. उद्यापासून आपल्याला सगळे बदकवाला म्हणणार, हे त्याला दिसू लागलं.

सासऱ्यांनी पट्टीला बोट लावलं. "उन्हातून आली तेव्हा गरम होती, तुमच्या गार हवेत निवली. सूर सरकला. थोडी थांबू द्या, मग एकदा बघू."

"बाबा, पुरे झालं," जावई दबक्या आवाजात म्हणाला.

बाईंनी घड्याळाकडे पाहिलं. "चहा होईपर्यंत थांबू. पण मग एकदाच, मला पुढे दुसरी बैठक आहे." त्या जावयाकडे वळल्या. "या वेळी तुम्ही बोला, शेजारच्या खोलीतून. वाक्य आम्हाला आधी कळू नये. माहीत असलं की कान आपोआप जुळवून घेतात."

चहा झाल्यावर जावई शेजारच्या खोलीत गेला आणि दार लावून माइकसमोर बसला. माइकची तार पेटीला जोडली होती, त्याचं बोलणं कलकलाट होऊनच रेकॉर्ड होणार होतं. यातून काही निघणार नाही याची त्याला खात्री होती. मग काय बोलायचं? भिंतीशी बोलावं तसं तो बोलून गेला, "हा माणूस माझ्या बायकोचा बाप, म्हणून इथे आणला. चार लोकांत माझं हसं केलं. यापुढे आमच्या घरी नाही आला तरी मला चालेल."

तो परत आला तेव्हा सासरे कानाला हेडफोन लावून स्क्रू पिळत होते. मोठा स्पीकर अजून जोडला नव्हता. पिळता पिळता त्यांचा हात थांबला. मग त्यांनी हेडफोन काढला आणि सदऱ्याच्या टोकाने पुसला.

"नाही लागलं, बाई."

"काहीच नाही?"

"बदकंच."

बाईंनी त्यांचे आभार मानले, ते तोंडदेखले नव्हते. सगळे उठले. खोलीत दोघेच उरल्यावर सासरे तारा गुंडाळू लागले. जावयाकडे न बघता म्हणाले, "घरी ती विचारेल. पट्टी गार पडली म्हणून सांगा."

जावयाने हेडफोन कानाला लावला आणि बटण दाबलं. स्वतःचाच आवाज, शब्दन् शब्द स्वच्छ. 'बाप' म्हणतानाचा तिरस्कारही जसाच्या तसा.

तो दाराकडे धावला. "बाई, एक मिनिट या. लागलंय ते."

"राहू द्या हो," सासरे म्हणाले. "नको."

बाई आणि दोघे इंजिनिअर परत आले. सासऱ्यांनी पेटीवर हात ठेवला होता. जावयाने तो हलकेच बाजूला केला, स्पीकर जोडला आणि बटण दाबलं. आधी बदकं ऐकवली, मग पेटीतून परत. सगळं बोलणं सुरुवातीपासून शेवटपर्यंत वाजलं. कुणी जावयाकडे पाहिलं नाही. चष्मेवाला स्वतःच्या बुटांकडे बघत होता.

बाईंनी खुर्ची ओढली आणि सासऱ्यांसमोर बसल्या. "पट्टी कशाची म्हणालात?"

"काशाची," सासरे म्हणाले. मग हळूहळू सांगू लागले. पट्टी किती तासली, पितळेने कसा दगा दिला. चष्मेवाला लिहून घेऊ लागला. बाईंनी दुसरी बैठक पुढे ढकलली आणि सासऱ्यांना पुढच्या आठवड्यात पुन्हा बोलावलं. जावई तेवढा वेळ भिंतीला टेकून उभा होता. बसा, असं त्याला कुणी म्हटलं नाही, आणि बसायचा त्याला धीरही झाला नाही.

निघताना सासऱ्यांनी झाकण लावलं. जावयाने पुढे होऊन एक कडी धरली. सासऱ्यांनी क्षणभर त्या हाताकडे पाहिलं आणि दुसरी कडी धरली.

दारात पहारेकरी उठून उभा राहिला. "झालं का पियानोचं?"

"हे माझे सासरे," जावई म्हणाला.

दोघे पायऱ्या उतरू लागले. जावयाची पावलं सासऱ्यांपेक्षा भरभर पडत होती, पेटी कलायला लागली.

"अहो, जरा हळू," सासरे म्हणाले.

या वेळी ते 'जावईबापू' म्हणाले नाहीत. जावयाने पाऊल आखूड केलं.