सवडीतला बांध

कोपरीच्या मागे, खाडीला लागून धाकटापाडा नावाची ऐंशी घरांची वस्ती आहे. खाडी आणि वस्ती यांच्यामध्ये एक जुना मातीचा बांध, आणि त्या बांधाच्या मधोमध शंभरेक पावलांचा एक पट्टा. त्या पट्ट्याला गावातले लोक ‘सवड’ म्हणतात. सवडीत वेळ भरपूर. बाहेर एक मिनिट होतं तोवर आत अख्खा दिवस जातो.

हे ऐकून कुणालाही वाटेल की लोक तिथे रांगा लावत असतील. एकदा डोंबिवलीहून कॉलेजची दोन मुलं परीक्षेच्या आदल्या दिवशी आलीही होती. आत गेली, पाच मिनिटांनी दाढ्या वाढवून बाहेर आली आणि पुन्हा कधी फिरकली नाहीत. कारण सवडीतला दिवस वरकड मिळत नाही. तो आपल्याच आयुष्यातून वजा होतो, आणि तिथे माणूस अगदी एकटा असतो. म्हणून गावातलं कुणी विनाकारण त्या पट्ट्यात पाऊल टाकत नसे.

काळुराम बासष्ट वर्षांचा. बांध घालण्यात त्याचा हात धरणारा खाडीकाठी कुणी नव्हता. ही विद्या त्याने पुतण्याला, मयूरला शिकवली. मुलगी सोनल लहानपणी त्याचा डबा घेऊन यायची आणि बांधावर बसून बघत राहायची. तिला शिकवायचं त्याच्या कधी मनातच आलं नाही. आता ती एकतीस वर्षांची होती, डोंबिवलीच्या एका शाळेत चित्रकला शिकवायची. चित्रकला म्हणजे काही काम नव्हे, असं काळुरामला वाटे, पण तोंडाने तो तसं म्हणत नसे.

त्या मंगळवारी शाळेला सुट्टी होती, म्हणून सोनल घरी होती. दुपारी पावणेदोनला मयूर धापा टाकत दारात आला.

“काका, बांधाला खांड पडलीय. सवडीत.”

काळुराम गुडघे धरत बांधावर पोचला, मागोमाग सोनलही. पंधरा हात बांध खचून गेला होता. उधाणाचा दिवस, अडीचच्या पुढे पूर्ण भरती. ऐंशी घरांत कंबरेएवढं पाणी शिरणार, हे सांगायला ज्योतिषी नको होता. मदतीसाठी फोन केले, तर गाडी यायला दोन तास लागतील असं कळलं. आणि गाडी आली तरी त्या चिखलात मशीन रुतलंच असतं.

“आत जाऊन कुणीतरी बांध घालायला पायजे,” काळुराम म्हणाला. “चाळीस-पंचेचाळीस मिनिटं हायेत. म्हंजे तेवढे दिवस.”

कामाचा वार असल्यामुळे गावात जेमतेम पाचसहा पुरुष होते. घराघरातून प्यायच्या पाण्याचे जार गोळा केले, ते दहा भरले. एका माणसाला पुरतील एवढेच. सगळ्यांनी मयूरकडे पाहिलं.

मयूरने मान खाली घातली. “काका, खोटं नाय बोलत. बांध मला येतो. पन एकट्यानं एवढे दिवस... माझ्याच्यानं नाय होणार.”

“मंग मीच जातो,” म्हणत काळुरामने घमेल्याला हात घातला. ते घमेलं सोनलने आधीच उचललेलं होतं.

“बाबा, तुमच्या गुडघ्यांना दोन दिवस तरी जमेल का? मी जाते.”

“तुला काय येतं गो?”

“बारा वर्षं तुमच्या मागे बसून बघितलंय. आता वाद नको, इकडे बोलण्यात माझे आठवडे चाललेत.”

बायकांनी तांदूळ, सुके बोंबील, स्टोव्ह, रॉकेल, पेंढ्याचे भारे जे हाताला लागेल ते आणलं आणि बांबूने पट्ट्यात ढकललं. सोनलने ओढणी कमरेला बांधली, फावडं घेतलं आणि पाऊल टाकलं. टाकल्याबरोबर ती दिसेनाशी झाली. इतक्या भरभर हलणारं माणूस बाहेरच्या डोळ्याला दिसतच नाही.

दिसत होता तो फक्त बांध.

काळुराम मोबाइलवरच्या घड्याळात बघत बसला. दोन मिनिटं. तीन. पाण्याचा एक जार रिकामा होऊन कलंडला. खचलेल्या जागी चिखलाचा पहिला थर आला, वर पेंढा, वर पुन्हा चिखल. दूध उतू येताना चढतं तसा बांध चढत होता. आठव्या मिनिटाला काळुराम पुटपुटला, “आठ दिवस झाले पोरीला. बोलायला कुणी नाय.” बाराव्या मिनिटाला बांध कमरेएवढा झाला, तसा मयूर आनंदाने ओरडला.

काळुराम मात्र बांधाच्या पायथ्याकडे बघत होता. त्याच्या नजरेला खोट दिसली होती. बुंधा अरुंद होता. असा बांध भरतीच्या पहिल्या रेट्यालाच बसणार. त्याने हाक मारली, “सोनल! बुंधा!” पण बाहेरचा एवढासा शब्द आत तासभर लांबणार, त्याचा नुसता गुणगुणाट ऐकू येणार, हे त्यालाही ठाऊक होतं.

पंधराव्या मिनिटाला बांध खाली यायला लागला.

“पडला!” कुणीतरी किंचाळलं. बायका रडू लागल्या. काळुराम पुढे वाकला. बांध पडत नव्हता. थराथराने, वरून खाली, कुणीतरी तो उतरवत होतं. पार जमिनीपर्यंत. मग दुप्पट रुंदीचा नवा बुंधा दिसू लागला.

“पडला नाय,” काळुराम म्हणाला. “तिनं पाडला. तिचं तिला कळलं.”

बारा दिवसांची मेहनत आपल्या हातांनी उपसून टाकायची, तीही सांगायला-बघायला कुणी नसताना. काळुरामला आपल्या उभ्या हयातीतले बांध आठवले. त्यातले दोन त्यालाही अरुंद वाटले होते, आणि त्याने ते तसेच रेटून नेले होते. हे त्याने आजवर कुणाला सांगितलं नव्हतं.

नवा बांध चढत गेला. खाडीकडची बाजू उतरती, लाटेला अंगावरून निसटू देणारी. बेचाळिसाव्या मिनिटाला माथा सारखा झाला. त्रेचाळिसाव्याला सोनल बाहेर आली.

मानेपर्यंत कापलेले केस मानेवरून खाली उतरले होते, गाल आत गेले होते, तळवे फाटून पुन्हा भरले होते. ओठ हलले, पण आवाज यायला वेळ लागला.

“पाणी कुठवर आलंय?”

पाणी बांधाला भिडलं, चढलं, माथ्याखाली वीतभर अंतरावर थांबलं आणि तासाभराने मुकाट्याने मागे सरलं. वस्तीत एक चूल भिजली नाही.

घरी जाताना काळुरामने तिचं फावडं स्वतःच्या खांद्यावर घेतलं.

“बुंध्याचं कधी कळलं?”

“बाराव्या दिवशीच. तीन दिवस रडत बसले, बाबा. वाटलं, असू दे, चालेल. मग वाटलं, तुम्ही चालवून घेतलं नसतं.”

काळुराम थांबला. “मी घेतलं असतं,” तो म्हणाला. “दोनदा घेतलंय. तू नाय घेतलंस.”

 घरी जाऊन चार भाकऱ्या आणि वाटीभर कालवण संपवून सोनल जी झोपली, ती दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत.

तेवढ्या वेळात अख्खा पाडा तिला बघायला येऊन गेला. काळुराम दारातच खुर्ची टाकून बसला होता. कुणालाही आत सोडत नव्हता. आलेल्यांना घोळक्याघोळक्याने बांधावर घेऊन जायचा, दुखऱ्या गुडघ्यांनी पाच वेळा गेला, आणि पट्ट्याच्या बाहेर उभं राहून उताराकडे बोट दाखवत सांगायचा, “हे बघा, इथं बघा. असा बुंधा मी पन कधी घातला नाय.”