झुराने वाढलेला मासा

मासिकाचं विसावं पान उघडलं आणि तोमोए उकाईच्या कपाळाची शीर ताडताड उडू लागली. चित्रं तिचीच होती. शब्द मात्र तिचे नव्हते.

चार वर्षं ती ही चित्रकथा काढत होती. टोकियोतली हारु नावाची खानावळवाली परक्या जगात जाऊन पडते आणि तिथल्या लोकांना रांधून घालते. या खेपेला तोमोएने पहिल्यांदाच उलटं केलं. दलदलीत राहणाऱ्या, अंगभर खवले असलेल्या झुरा नावाच्या बाईने हारुला घरी जेवायला बोलावलं आणि वर्षभर मुरवलेला मासा वाढला. डोळे मिटून घास चघळत हारु म्हणते, "अजून आहे?"

छापून आलं होतं, "शी! थांबा, तुम्हाला स्वयंपाक मीच शिकवते." आता ते मिटलेले डोळे किळसेचे वाटत होते.

पुढच्या भागाची तयार पानं पिशवीत घालून ती तडक कचेरीत गेली. चित्रकारांना मानाने 'सेन्सेई' म्हणणारे संपादक हिराइवा उठून उभे राहिले.

"या सेन्सेई, बसा. चहा सांगू?"

"चहा राहू द्या. हे कोणी केलं?"

"मीच. विचारायला वेळ नव्हता हो."

"फोन करायलाही नव्हता?"

"अहो, वाचकाला काय हवं असतं? त्या लोकांनी आपलं मिसो सूप प्यावं आणि डोळ्यांत पाणी आणावं. आपल्या पोरीने त्यांचं नासकं खाल्लेलं कोणाला आवडेल?"

नासकं! तोमोए बिवा सरोवराकाठची. तिथे मासा भातात दाबून वर्षभर मुरवतात. आईने दिलेला तसला डबा तिने वसतिगृहात उघडला, तेव्हा मुलींनी नाकं दाबून खिडक्या उघडल्या होत्या. मग तिने तो न खाताच कचऱ्यात टाकला होता. त्याची लाज अजून गेली नव्हती.

"तो मासा माझी आई करते, हिराइवासान."

हिराइवांचा चेहरा उजळला. "मग आधी नाही का सांगायचं! आपलाच पदार्थ आहे तर! पुढच्या भागात हारुच तो झुराला शिकवेल. झकास होईल!"

"म्हणजे आपला असला की झकास आणि तिचा असला की नासका? लाज नाही वाटत?" तिचा आवाज इतका चढला की शेजारच्या टेबलावरचे लोक माना वळवून बघू लागले. टेबलावर काढून ठेवलेली पुढच्या भागाची पानं तिने पुन्हा पिशवीत कोंबली. "या भागांचं पुस्तक निघेल त्यात माझे शब्द परत येत नाहीत, तोवर एक रेघ मिळणार नाही."

पंधरा दिवसांनी कचेरीचा निरोप आला. पुस्तकात मूळ शब्द येतील, पण कथा तीन भागांत गुंडाळायची. चार वर्षांचं काम असं मोडीत निघताना तिला रडू आलं, पण तिने होकार कळवला आणि टाक उचलला.

त्या तीन भागांत हारुने एकदाही चूल पेटवली नाही. ती दलदलीत घरोघर जेवत फिरली, चुकीच्या हाताने खाल्लं म्हणून झुराच्या सासूची बोलणीही तिने खाल्ली.

हिराइवांचा फोन आला. "सेन्सेई, हे जरा अतीच होतंय."

"होऊ द्या," म्हणून तोमोएने फोन आपटला.