माझ्यावर बसून गेलेला पाहुणा

मित्रांनो, बडोद्याच्या समा भागातल्या एका फ्लॅटच्या बैठकीच्या खोलीत टांगलेला मी झोपाळा आहे. जुना झालो, पण मोडलेलो नाही. तरी गेले वर्षभर माझ्यावर कुणी बसत नाही.

माझा जन्म संखेड्याचा. तिथल्या कारागिरांनी माझ्या सागवानी अंगावर लाखेची नक्षी चढवली आणि बळवंतरावांनी लग्नाच्या वर्षी मला बडोद्याला आणले. त्यांची मुले समरजित आणि मृदुला माझ्यावरच भांडली, माझ्यावरच झोपली. बळवंतराव गेल्यावर घर कुसुमावतीबाईंनी सांभाळले. आल्यागेल्याला माझ्यावर बसवायचे आणि पाणी दिल्याशिवाय उठू द्यायचे नाही, हा त्यांचा शिरस्ता. त्याचा मला फार अभिमान होता.

मग समरजितला कुणीतरी भोसकून मारले. भोसकणारा त्याचाच लहानपणचा मित्र, पृथ्वीराज. ते पाहणारी एकटी मृदुला. आठ महिन्यांनी सेशन्स कोर्टाने पृथ्वीराजला जामीन दिला आणि साक्षीदाराच्या वाऱ्यालाही उभे राहायचे नाही, अशी अट घातली.

तिसऱ्याच आठवड्यात तो आला. दार कुसुमावतीबाईंनी उघडले. दारात माणूस दिसला की त्यांच्या तोंडून "ये, बस" निघायचे, ते निघून गेले. हातांनी सवयीने पाणी आणले, मागोमाग चहाही. तो माझ्यावर बसला आणि एका पायाने हळूहळू झोका घेऊ लागला. मला थांबता येईना.

"मजेत ना, मावशी?" त्याने विचारले. मग मृदुलाकडे वळून म्हणाला, "अजून साडेसहालाच सुटतेस ना? निजामपुऱ्यात बसमधून उतरून चालतच येतेस?"

एवढेच बोलून तो गेला. पण मला अजून वाटते, तो उठलेलाच नाही. वाऱ्याने माझी कडी करकरली की मायलेकी दचकतात आणि मला पुन्हा त्याचे वजन जाणवते.

जामीन रद्द करून घेण्यासाठी हायकोर्टात जायचे ठरले. वकीलबाई मैत्रेयी कागद घेऊन घरी आल्या. मृदुला हळूच म्हणाली की चहाचे काही सांगू नये, धमकी द्यायला आलेल्याला कुणी चहा पाजते का, असे लोक विचारतील. कुसुमावतीबाईंनी ऐकले नाही.

"चहा मीच दिला. दारी आलेल्याला आपण देतोच. पण चहाला आलेला माणूस पोरगी कुठल्या वाटेने येते ते विचारत नाही. तसंच लिहा."

तसेच लिहिले गेले. सोसायटीच्या कॅमेऱ्यात तो येताजाताना दिसत होता. समोरच्या वकिलाने चहा उगाळून उगाळून सांगितला, तरी हायकोर्टाने जामीन रद्द केला. पृथ्वीराज पुन्हा तुरुंगात गेला.

त्या दिवशी कुसुमावतीबाईंनी मला ओल्या फडक्याने पुसले आणि लेकीला बस म्हणाल्या. ती बसली नाही. तिने मैत्रेयीबाईंना फोन लावला.

"तो परत जामीन मागू शकतो?"

उत्तर मला ऐकू आले नाही. मृदुलाने फोन ठेवला, सुतळी आणली आणि मी आपोआप हलू नये म्हणून मला खिडकीच्या गजाला बांधून टाकले.

मित्रांनो, भ्यालेल्या माणसाला "तो नुसता बोलला, केलं तर काही नाही ना?" असे विचारू नका. त्याच्याजवळ जाऊन बसा, त्याच्याबरोबर चालत घरी या. मला पाय नाहीत. असते तर मी रोज संध्याकाळी मृदुलाच्या बसच्या थांब्यावर जाऊन उभा राहिलो असतो.