आपोआप गरम होणारं पाणी

हँडलखालचा बारीक स्क्रू एकदाचा सुटला, हातातून निसटला आणि थेट सांडपाण्याच्या जाळीकडे घरंगळत निघाला. धाकटीनं तो पायाच्या अंगठ्याखाली दाबून धरला आणि मगच श्वास सोडला.

"काय पडलं?" बाथरूमच्या दाराबाहेर खुर्ची टाकून बसलेल्या आईनं विचारलं.

"स्क्रू होता. सापडला."

"पाणी बंद केलंयस ना? नाहीतर कारंजं उडेल."

"केलंय गं."

स्वतःचे केस पांढरे व्हायला लागले तरी घरात तिला अजून धाकटीच म्हणत. थोरला तो दादा. तो दुसऱ्या गावी राहायचा आणि आई हिच्याकडे. शॉवर दिवसरात्र ठिबकत होता. प्लंबर 'पुढच्या आठवड्यात बघू' म्हणाला, तेव्हा हिनं स्वतःच पाना हातात घेतला. घरात दुसरी एक गोष्ट बिघडत चालली होती आणि तिच्यापुढे तिनं हात टेकले होते. निदान ही तरी दुरुस्त होते का बघू, एवढाच विचार.

ती दुसरी गोष्ट अशी. आई आंघोळीला गेली की मधेच ओरडायची, "पाणी गरम झालं गं! भाजलं!" धाकटी स्वयंपाकघरातून हातातलं काम टाकून धावायची. शॉवरखाली हात धरला की पाणी कोमट, जसं हवं तसं.

"तू चुकून हँडल फिरवलंस, आई."

"मी हात लावला नाही. ते आपोआप गरम होतं."

"आपोआप कसं होईल?"

पहिल्या काही वेळा आई कडाडून भांडली. तिची सगळी नोकरी ऑपरेशन थिएटरमध्ये परिचारिका म्हणून गेली होती. शस्त्रक्रिया संपताना तिनं 'बोळे, चिमटे, सगळं मोजलंय' म्हटल्याशिवाय तिथले बडे बडे डॉक्टर टाके घालायला धजायचे नाहीत. माझं चुकलं असेल, हे वाक्य तिच्या तोंडून घरात कुणी ऐकलं नव्हतं. पण गेल्या आठवड्यात, खांदा लालबुंद झालेला असताना, तिनं टॉवेल गुंडाळून घेतला आणि हळूच म्हणाली, "असेल बाई. फिरवलं असेल मीच." त्याच दुपारी धाकटीनं विस्मरणावर उपचार करणाऱ्या डॉक्टरांची वेळ घेतली.

त्यानंतर दादाचा फोन आला. त्याच्या घराजवळ म्हाताऱ्या माणसांसाठी चांगली जागा आहे, चोवीस तास नर्स असते, बघून ठेवतो. धाकटीनं त्याला चार शब्द सुनावून फोन मधेच ठेवून दिला. त्यानंतर त्याचे फोन ती उचलत नव्हती.

आता तिनं हँडलमागचं कार्ट्रिज, गरम-गार पाणी मिसळणारं नळकांडं, पकडीनं धरून ओढलं. ते जागचं हलेना. क्षार साचून भिंतीतल्या पितळेला घट्ट बसलं होतं. तिनं दात-ओठ खाऊन थोडं डावीकडं, थोडं उजवीकडं वळवलं, आणि दात उपटल्यासारखं ते एकदम बाहेर आलं. मागोमाग नळीत राहिलेलं पाणी तिच्या अंगावर.

"उडालं ना कारंजं?" बाहेरून आई म्हणाली. आवाजात किंचित समाधान होतं.

जुना नमुना पिशवीत घालून धाकटी ओल्या बाहीनंच कोपऱ्यावरच्या हार्डवेअरच्या दुकानात गेली. तिथल्या मालकीणबाईंनी तो एकदा निरखला, मागच्या फळीवरून तसंच नवं काढून दिलं आणि पुढच्या गिऱ्हाइकाकडे वळल्या. धाकटी घरी आली. खोकं उघडून कार्ट्रिज हातात घेतलं तर आत काहीतरी खुळखुळलं. हलवलं, पुन्हा खुळखुळ. नवं कोरं आणि आतून सुटलेलं! ती तणतणत परत गेली.

"अहो, हे तुटकं दिलंत. आत काहीतरी सुटं वाजतंय."

"वाजायलाच हवं," बाई म्हणाल्या. "तुमचं जुनं वाजत होतं?"

धाकटीनं पिशवीतून जुनं काढून कानाजवळ हलवलं. आवाज नाही.

"म्हणजे अडकलंय. आत एक छोटा दट्ट्या असतो. घरात दुसरीकडे कुणी गार पाणी सोडलं, की तो सरकून शॉवरचं गरम पाणीही तेवढंच कमी करतो. तो अडकला, की संपलं. तुम्ही स्वयंपाकघरात नळ सोडायचा आणि इकडे आंघोळ करणाऱ्याच्या अंगावर कढत पाणी."

"आणि स्वयंपाकघरातला नळ बंद केला की?"

"की परत कोमट. का हो, कुणाला भाजलं का?"

आईची हाक आली की आपण काय करतो, हे धाकटीला जसंच्या तसं दिसत होतं. साबणाचे हात धुवायचे, नळ बंद करायचा आणि धावायचं. दर वेळी आधी नळ बंद करायचा. मग शॉवरखाली हात धरून म्हणायचं, बघ, कोमट तर आहे.

"बसा जरा," बाईंनी स्टूल पुढे सरकवलं. "चेहरा उतरलाय तुमचा."

"नाही, नाही," ती म्हणाली. "बरं झालंय. फार बरं झालंय." आणि खुळखुळणारं कार्ट्रिज छातीशी धरून ती निघाली.

ते बसवायला वेळ लागला नाही. वायसरला हलकं वंगण लावलं, खाच खाचेत बसवली, वरची रिंग आवळली, हँडल चढवलं. मुख्य कॉक उघडला. पाण्याचा थेंबही बाहेर आला नाही. मग ती दारात आईसमोर येऊन खाली बसली.

"आई, पाणी खरंच गरम होत होतं."

आईनं तिच्याकडे पाहिलं.

"तू हँडलला हात लावत नव्हतीस. मी तिकडं भांडी घासायला नळ सोडायचे, त्यानं होत होतं. शॉवरच बिघडला होता. तू बरोबर सांगत होतीस."

आई उठली, टॉवेल घेतला आणि बाथरूमचं दार लोटलं. "जा," आतून आवाज आला. "सोड तुझा नळ."

धाकटीनं स्वयंपाकघरातला नळ पूर्ण सोडला. कपड्यांचं मशीनही लावलं. कान बाथरूमकडे लावून ती उभी राहिली. शॉवरचा आवाज येत होता, दुसरं काही नाही.

"आई?"

शॉवर चालूच.

"आई!"

"काय आहे?"

"गरम झालं?"

"कुठं काय? सोड की नळ."

"सोडलाय! केव्हाचा सोडलाय!"

"मग उभी काय राहिलीयस? पाणी वाया चाललंय. भांडी घास."

धाकटी ओट्याला टेकून हसायला लागली. हसता हसता डोळे भरले, तरी तिनं नळ बंद केला नाही. एकेक भांडं घासत राहिली.

आई बाहेर आली तेव्हा डोक्याला टॉवेल होता आणि खांद्यावरचा डाग फिका पडलेला. "दादाला फोन लाव," ती म्हणाली.

"लावते. आणि चांगली खडसावते त्याला. तुला तिकडं धाडायची एवढी घाई झाली होती."

"त्याला नव्हती झाली." आई खुर्चीत बसली. "मीच सांगितलं होतं त्याला, जागा बघ म्हणून."

धाकटीचा हात फोनवरच राहिला.

"आज पाणी, उद्या गॅस. तुझ्या घराला आग लावली असती मी. आणि पाठवणं तुला जमलं नसतं, म्हणून त्याला म्हटलं, तू तुझ्या नावानं सांग. दोन शिव्या खाशील, खा."

"आणि त्यानं खाल्ल्या," धाकटी म्हणाली.

"मुकाट्यानं."

तिनं नंबर लावला, स्पीकर सुरू केला आणि फोन आईच्या हातात दिला.

"मी बोलतेय," आई म्हणाली. "ऐक. नळ बिघडला होता."

"काय?"

"नळ रे, शॉवरचा! नळ बिघडला होता. मी नाही."

पलीकडून काहीच ऐकू येईना. आईनं फोन हलवून पाहिला. "आहेस ना? ऐकतोयस का?"

"ऐकतोय," दादा म्हणाला. त्याचा आवाज धड लागत नव्हता. "पुन्हा सांग."