छपरावरची शेळी

बदलत्या काळात माणूस आपली मुळं आणि श्रद्धा कशा सांभाळतो, यावर दिग्दर्शिकेला माहितीपट करायचा होता. सहा महिने तिने विद्वानांच्या मुलाखती घेतल्या. संकलनाला बसली की तिलाच जांभया यायच्या. शेवटी ध्वनिमुद्रण करणारा कानसेन म्हणाला, "ताई, जग पालथं घालतोय आपण. तुमच्या आत्याचं काय?"

आत्याचं इस्त्रीचं दुकान होतं. रोज पहिला कपडा पसरताना ती डोळे मिटून चार ओळी म्हणायची. ती सात वर्षांची असताना वारलेल्या वडिलांकडून ऐकलेल्या, ते ज्या देशातून आले तिथल्या भाषेतल्या. घरात आता ती भाषा कुणालाच येत नव्हती. "बाबांची प्रार्थना," आत्या म्हणायची.

कॅमेरा लावताच आत्या पासपोर्टच्या फोटोसारखी ताठ झाली. चौथ्या खेपेला जमलं.

अर्थासाठी एक निवृत्त दुभाषी सापडले. हेडफोन लावून त्यांनी दोनदा ऐकलं आणि खो खो हसत सुटले.

"अहो, प्रार्थना कसली! शेळी छपरावर चढलीय. 'उतर गं राणी, कौलं फुटतील, पाला देतो तुला.'"

चार दिवस दिग्दर्शिका दुकानाकडे फिरकली नाही. पण तिच्या तोंडात तीळ भिजत नसे. पाचव्या दिवशी कॅमेरा चालू असतानाच तिने सांगून टाकलं.

आत्याने इस्त्री उभी केली. "म्हणजे तुझ्या आतोबांचं ऑपरेशन चाललं होतं, तेव्हा तीन तास मी बाहेर बसून शेळीला बोलवत होते?"

"हो गं."

आत्या हसायला लागली. हसता हसता स्टुलावर बसली, पदराने डोळे पुसले.

"मला बाबांचा चेहराही नीट आठवत नाही. पण शेळीला राणी म्हणणारा माणूस वाईट नसणार, नाही का?"

"पण आत्या, प्रार्थना..."

"आतोबा वाचले ना? मग ऐकणाऱ्याला कळलं असणार मला काय म्हणायचंय ते. आणि हे कापू नकोस हं सिनेमातून!"

तिने दुभाष्यांना दुकानात बोलावून घेतलं. ते तिचे उच्चार सुधारू लागले. अकरा वर्षांत त्यांच्याशी त्या भाषेत कुणी बोललं नव्हतं. दुसऱ्या दिवशी ते पुन्हा आले, इस्त्रीला एकही कपडा नसताना. तिसऱ्या दिवशी लाज वाटून एक रुमाल घेऊन आले.

माहितीपटाच्या पहिल्या खेळाला शेळी आली तेव्हा सभागृह हसलं, आणि आत्या ऑपरेशनचं बोलली तेव्हा चिडीचूप झालं. दिवे लागल्यावर मधल्या रांगेतला एक बसचालक उभा राहिला.

"माझ्या आजीचंही असंच एक आहे. अर्थ मला माहीत नाही."

"म्हणा की," पहिल्या रांगेतून आत्या ओरडली.

त्याने म्हटलं. मग मागून एक बाई उठली, मग दोन भाऊ. व्यवस्थापक दारात किल्ल्या वाजवत उभा होता. थोड्या वेळाने त्याने किल्ल्या खिशात टाकल्या आणि रिकामी खुर्ची बघून बसला.